रानात लपून राहिलेल्यांच्या गोष्टी : खरा थरार कशात असतो?

वेताळटेकडी

रानात लपलेल्या माणसाची गोष्ट म्हटली की वाघ, साप, कडे, पूर हे ओघाने येतंच. माझ्या पोटात गोळा येतो तो भलत्याच ठिकाणी. चूल पेटते तेव्हा. मीठ संपतं तेव्हा. आणि लांबून कुणी नाव घेऊन हाक मारत येतं तेव्हा तर फारच. म्हणून हा धागा. कादंबऱ्या आणि सिनेमे बाजूला ठेवू, खरोखर घडलेलं सांगा.

सुरुवात मी करतो, सैबेरियापासून. लायकोव कुटुंब. सतराव्या शतकात रशियन चर्चने पूजाविधी बदलले, ते न मानणाऱ्या जुन्या पंथाची ही माणसं. त्या पंथाचा छळ झार राजांच्या काळापासून चाललेला, पुढे सोव्हिएत राजवट आली. १९३६ मध्ये कार्प लायकोवच्या भावाला गावाच्या वेशीवर गस्तीवाल्यांनी गोळी घातली. कार्प शेजारीच काम करत होता. त्याने बायको अकुलिना, नऊ वर्षांचा साविन आणि दोन वर्षांची नताल्या यांना घेतलं, थोडं बियाणं बांधलं आणि तैगात, म्हणजे सैबेरियाच्या घनदाट जंगलात, शिरला. वर्षागणिक आणखी आत सरकत राहिला. द्मित्री आणि अगाफ्या ही धाकटी दोघं रानातच जन्मली.

नेलेली भांडी गंजून गेली. मग बर्चच्या सालीची भांडी केली, पण ती चुलीवर चढत नाहीत. वर्षानुवर्षं खाणं एकच : बटाटा, त्यात भरडलेलं राय नावाचं धान्य आणि भांगेच्या बिया. द्मित्री मोठा झाल्यावर शिकार करू लागला, तीही बंदूक किंवा धनुष्य नसताना. खड्डे खणायचे, नाहीतर जनावर दमून पडेपर्यंत त्याच्या मागे डोंगरात पळायचं.

१९६१ मध्ये जूनमध्ये बर्फ पडला आणि मळ्यातलं सगळं करपलं. चामड्याचे जोडे आणि झाडाची साल खाऊन त्यांनी दिवस काढले. अकुलिनाने मुलांच्या तोंडात घास घातले आणि स्वतः उपाशी मेली. पुढच्या हंगामात वाटाण्याच्या वाफ्यात रायचा एकच दाणा उगवला. त्याभोवती कुंपण घालून उंदीर आणि खारी येऊ नयेत म्हणून रात्रंदिवस पाळीने राखण केली. त्या एका ताटाला १८ दाणे लागले. त्या १८ दाण्यांतून पुन्हा शेत उभं राहिलं.

आणि इतकं करून सापडले कसे? १९७८ मध्ये भूगर्भशास्त्रज्ञांना उतरवायला जागा शोधणाऱ्या हेलिकॉप्टरच्या वैमानिकाला डोंगरउतारावर सरळ रेघा दिसल्या. बटाट्याचे वाफे. सगळ्यात जवळची वस्ती सुमारे २५० किलोमीटरवर, तिथं वाफे कोण काढणार?

---

सायली_म

जबरदस्त सुरुवात. ते १८ दाणे वाचून हातातला चहा गार झाला.

मिठाचं पुढे काय झालं तेही लिहा ना. वडील मोखाड्याकडे मास्तर होते. ते सांगायचे की तिकडची माणसं आठवडी बाजाराला कोसच्या कोस चालत यायची ती मुख्यतः मीठमिरचीसाठी. बाकी बरंचसं रानात मिळतं, मीठ मिळत नाही.

---

वेताळटेकडी

@सायली_म, बरोबर तेच. शास्त्रज्ञांनी पहिल्यांदा भेटवस्तू देऊ केल्या तेव्हा या लोकांनी जवळजवळ सगळं नाकारलं. घेतलं फक्त मीठ. मिठावाचून काढलेली वर्षं म्हणजे निव्वळ यातना होत्या असं म्हाताऱ्या कार्पने सांगितलं.

या माणसाला दुसरं महायुद्ध झालेलंच माहीत नव्हतं. पण १९५० च्या दशकात आकाशातले काही तारे भराभरा चालायला लागलेत हे त्याने टिपलं होतं, आणि माणसांनीच काहीतरी अग्नी वर सोडला असणार असा तर्कही केला होता. उपग्रह! रानात राहून हे ओळखणारा माणूस अडाणी म्हणायचा कसा?

१९८१ मध्ये साविन, नताल्या आणि द्मित्री काही आठवड्यांच्या अंतराने गेले. द्मित्रीला न्यूमोनिया झाला होता. हेलिकॉप्टरने दवाखान्यात नेतो म्हटलं तर त्याने नको सांगितलं. कार्प १९८८ मध्ये गेला. अगाफ्या मागे राहिली, आणि तिने ती जागा सोडली नाही.

---

टाचणटिपण

मी शिवणकाम करते, त्यामुळे माझा माणूस ठरलेला. शोइची योकोई. लष्करात जाण्याआधी हा शिंपी होता.

१९४४ च्या उन्हाळ्यात अमेरिकनांनी प्रशांत महासागरातलं ग्वाम बेट परत घेतलं तेव्हा काही जपानी सैनिक रानात पांगले, त्यातला हा एक. सापडला १९७२ च्या जानेवारीत. २८ वर्षं! सोबतचे कमी होत गेले, शेवटची आठ वर्षं हा एकटा. तालोफोफो नदीजवळ बांबूच्या रानात जमिनीखाली बीळ खणून राहायचा, दिवसा आत, रात्री बाहेर. कोळंबी, वाम, गोगलगायी, बेडूक, उंदीर, नारळ असं मिळेल ते खायचं.

पण कपड्यांचं बघा. दमट हवेत गणवेश किती टिकणार? हा रानजास्वंदीच्या जातीच्या एका झाडाची साल काढायचा, कुटून धागे सोडवायचा, स्वतः उभ्या केलेल्या मागावर कापड विणायचा आणि त्याचे सदरे-पँट शिवायचा. पट्टासुद्धा. कुणी बघणारं नाही, कुणी विचारणारं नाही, तरी कॉलर असलेला सदरा. मला विचाराल तर या माणसाचं डोकं ठिकाणावर राहिलं ते या शिलाईमुळे. हात गुंतले की दिवस ढकलला जातो. हे कुणा पुस्तकातलं नाही, माझं मत.

आणखी एक. लढाई संपल्याची पत्रकं त्याला १९५२ च्या सुमारासच मिळाली होती. तरी बाहेर आला नाही. शरण जाणं म्हणजे मरणापेक्षा वाईट हे शिकवणीत भिनलेलं. शेवटी झिंगे पकडायला आलेल्या दोन स्थानिकांवर तो धावून गेला आणि त्यांनी त्याला धरलं. जपानात परतल्यावर पहिले शब्द काय, तर जिवंत परत आलो याची लाज वाटते.

---

खुळा_मुसाफिर

+१. पण मग ओनोदाचं नाव अजून कसं नाही आलं?

हिरू ओनोदा. डिसेंबर १९४४ मध्ये फिलिपीन्सच्या लुबांग बेटावर पाठवलेला गुप्तवार्ता अधिकारी. हुकूम असा की काहीही झालं तरी शरण जायचं नाही आणि स्वतःचा जीवही घ्यायचा नाही. सोबत तिघे. एकजण १९५० मध्ये शरण गेला, दुसरा १९५४ मध्ये गोळीबारात पडला, तिसरा कोझुका १९७२ मध्ये. पत्रकं टाकली, घरच्यांची पत्रं आणि फोटो टाकले, याला सगळा शत्रूचा डाव वाटला.

१९७४ च्या फेब्रुवारीत नोरिओ सुझुकी नावाचा एक भटक्या तरुण आला. लेफ्टनंट ओनोदा, पांडा आणि हिममानव या तिघांना शोधायला निघालोय असं सांगून तो घराबाहेर पडला होता. सरकारच्या शोधपथकांना जो सापडला नाही तो याला काही दिवसांत भेटला! ओनोदा म्हणाला, वरिष्ठांचा हुकूम आल्याशिवाय हलणार नाही. मग जपानातून मेजर तानिगुची यांना आणलं, ते तोवर पुस्तकविक्रेते झाले होते. ९ मार्चला त्यांनी लुबांगच्या रानात उभं राहून हुकूम वाचला तेव्हा कुठे या गड्याने बंदूक खाली ठेवली. चालू स्थितीतली रायफल, सुमारे ५०० गोळ्या, तलवार. २९ वर्षं ती रायफल त्या हवेत गंजू दिली नाही. शिस्त शिस्त म्हणतात ती हीच.

(सुझुकीला पांडा दिसला म्हणतात. हिममानवाच्या शोधात १९८६ मध्ये हिमालयात हिमकड्याखाली गेला बिचारा.)

---

रेवती_जो

खुळा_मुसाफिर, गोष्ट छान सांगितलीत, पण निम्मीच. लुबांग काही निर्मनुष्य रान नव्हतं. तिथं शेतकरी राहत होते, कोळी राहत होते. या चौघांनी त्यांच्या गायी मारून मांस वाळवलं, तांदूळ पळवला, आणि त्या वर्षांत बेटावरची सुमारे ३० माणसं यांच्या हातून मेली असं सांगितलं जातं. कोझुका मेला तो कुठल्या लढाईत नव्हे. शेतकऱ्यांनी कापून ठेवलेला तांदूळ जाळताना पोलिसांच्या गोळीने मेला.

राष्ट्राध्यक्ष मार्कोस यांनी ओनोदाला माफी दिली. ज्यांच्या घरची माणसं गेली त्यांना कुणी विचारलं असेल का? ही गोष्ट लुबांगच्या बाजूने सांगितली तर तिच्यातला लपलेला नायक दरोडेखोर होतो. संध्याकाळ झाली की शेतावर जायला घाबरणारी बाई, हा थरार नाही का?

---

खुळा_मुसाफिर

त्याच्या लेखी युद्ध चालू होतं, रेवतीताई. सैनिकाला आजच्या फूटपट्टीने कसं मोजणार?

---

रेवती_जो

मी त्याला मोजत नाहीये. गोष्टीत कुणाला जागा मिळते आणि कुणाला नाही एवढंच विचारतेय.

---

टारझनची_मावशी

बसा दोघं. मी पॉपकॉर्न आणते.

---

तृप्ती_ऑस्लो

इथं राहायला आल्यापासून यान बोल्सरूडची गोष्ट इतक्यांदा ऐकली आहे की लिहिल्याशिवाय राहवत नाही. रेवती विचारतेय तो प्रश्न इथं उलटा होतो.

मार्च १९४३. नॉर्वे जर्मनांच्या ताब्यात. स्कॉटलंडजवळच्या शेटलंड बेटांवरून ब्राथोल्म नावाची मच्छीमार बोट उत्तर नॉर्वेत येते, आत १२ माणसं आणि आठ टन स्फोटकं. किनाऱ्यावरच्या एका दुकानदाराशी संपर्क करायचा होता, पण तो काही महिन्यांपूर्वी वारला होता आणि दुकान त्याच नावाच्या दुसऱ्या माणसाने घेतलं होतं! हा माणूस घाबरला. जर्मनच आपली परीक्षा घेत असतील तर? त्याने कळवून टाकलं. टोफ्टेफ्योर्डमध्ये जर्मन जहाजाने बोट गाठली. ११ जण गेले. यान एकटा सुटला, एका पायात बूट नाही, अंगठ्याला गोळी लागलेली, बर्फाच्या पाण्यातून पोहून.

त्यानंतरचे दोन महिने ऐकताना मला दर वेळी त्या घरांचं वाटतं. तो दार ठोठावतो. दारामागच्या माणसाने काय करायचं? आसरा दिला तर शिक्षा मृत्यूची. यान हिमकड्यात सापडला, बर्फाच्या चकाकीने त्याची दृष्टी गेली, आणि चाचपडत तो फुरूफ्लातेन गावातल्या ग्रोनवोल कुटुंबाच्या दारात येऊन पडला. त्याच गावाच्या शाळेत जर्मन सैनिक उतरलेले. या कुटुंबाने त्याला गोठ्याच्या माळ्यावर लपवलं, मग होडीने फ्योर्ड, म्हणजे डोंगरांमधली समुद्राची खाडी, ओलांडून एका लाकडी खोपटात ठेवलं. त्या खोपटाला थट्टेने हॉटेल सॅव्हॉय म्हणायचे. वादळामुळे कित्येक दिवस कुणाला तिकडे जाता आलं नाही. पुढे पठारावर एका खडकाच्या आडोशाला, बर्फाच्या पोकळीत, तो आठवडेच्या आठवडे झोपण्याच्या पिशवीत पडून होता. सडत चाललेली पायाची बोटं त्याने खिशातल्या चाकूने स्वतः कापली. शेवटी उत्तरेकडच्या आदिवासी सामी लोकांनी रेनडिअरच्या घसरगाडीवरून त्याला स्वीडनमध्ये पोचवला.

मानदालेन गावच्या ज्या लोकांनी त्याला पठारावर जगवलं, त्यांतला अस्लाक फोसवोल त्याच वर्षी घटसर्पाने वारला. यान १९८८ मध्ये गेला तेव्हा त्याच्या इच्छेप्रमाणे त्याची रक्षा अस्लाकच्याच थडग्यात ठेवली.

---

वेताळटेकडी

@तृप्ती_ऑस्लो, दुकानदाराच्या नावाचा तो योगायोग कादंबरीत घातला असता तर संपादकाने काढायला लावला असता.

मला वाटतं आपण आता मुद्द्यावर येतोय. लपलेला माणूस खरा एकटा जवळजवळ कधीच नसतो. कुणी तरी भाकरी आणून देतं, नाहीतर तो कुणाची तरी भाकरी पळवतो. लायकोव हाच काय तो अपवाद, आणि त्याची किंमत अकुलिनाने मोजली.

आपल्याकडची उदाहरणं या नजरेने बघा. तात्या टोपे, मूळ येवल्याचे. जून १८५८ मध्ये ग्वाल्हेर गेल्यावर जवळपास दहा महिने इंग्रजांच्या एकामागून एक पलटणींना त्यांनी राजपुताना आणि माळव्यात पळवलं. नर्मदाही ओलांडली, पण दख्खन हाती लागली नाही. इतक्या पलटणींना जमलं नाही ते नरवरच्या मानसिंगाने केलं. पाडोनच्या जंगलात तात्या त्याच्या भरवशावर होते. ७ एप्रिल १८५९ च्या रात्री झोपेत पकडले, १८ एप्रिलला शिवपुरीला फाशी. (फासावर गेलेला खरा तात्या नव्हताच असं मानणारे आजही आहेत. तो वाद इथं नको, स्वतंत्र धागा काढा.)

वासुदेव बळवंत फडक्यांचंही तसंच. मूळचे शिरढोणचे, पुण्यात लष्करी हिशेब खात्यात नोकरी, आणि १८७९ मध्ये सह्याद्रीत रामोशी-कोळ्यांना घेऊन बंड. रामोशांचा नाईक दौलतराव मेजर डॅनिएलच्या तुकडीबरोबरच्या चकमकीत पडला आणि फडक्यांच्या पायाखालची वाळू सरकली. डोंगर तेच, घाटवाटा त्याच. पण त्या वाटांवर त्यांना ओळखणारी आणि शिधा पोचवणारी माणसं दौलतरावाची होती. मग ते श्रीशैलपर्यंत गेले, पुन्हा माणसं जमवायची खटपट केली. जुलैमध्ये देवर नावडगी गावात, तापाने थकून झोपलेले असताना पकडले गेले.

दोघंही झोपेत. दोन माणसं आळीपाळीने जागी राहिली तर जी गोष्ट टळते, ती एकट्याला टाळता येत नाही.

---

पाटलाचा_नातू

आमच्याकडे तर रानही नव्हतं हो. कृष्णाकाठ, उसाचे फड, ज्वारीची उभी पिकं, एवढंच. तरी १९४२ ते ४६ क्रांतिसिंह नाना पाटील भूमिगत राहिले आणि इंग्रजाच्या हाती लागले नाहीत. डोक्यावर इनाम लावलेलं असताना.

आमची आजी कुंडलजवळच्या गावची. ती सांगायची, रानात जाताना बायकांच्या पाटीत नेहमीपेक्षा जास्त भाकरी असायच्या आणि सासू मोजायची नाही. कुणासाठी ते कुणी बोलायचं नाही. पोरांना तर मुद्दाम काही कळू द्यायचे नाहीत, कारण फौजदार पहिल्यांदा पोरांना गूळ देऊन विचारायचा. भाकरी बांधावर ठेवायची, मागे वळून न बघता खुरपायला लागायचं. दुपारी फडकं तिथंच घडी करून ठेवलेलं मिळायचं. फडकं सकाळसारखंच पडून असलं की बायकांच्या तोंडचं पाणी पळायचं.

मात्र सगळंच प्रेमापोटी होतं असं म्हणणार नाही. फितुराला प्रतिसरकारची शिक्षा कडक होती, त्याचाही धाक होता. आजी दोन्ही सांगायची. आम्ही पुतळ्यापुढे भाषण करताना एकच सांगतो.

---

सायली_म

घडी केलेलं फडकं... अहो, यावर वेगळा लेख लिहा. पुढच्या भागाच्या प्रतीक्षेत.

---

अमोल_बॉस्टन

वेताळटेकडी यांच्या 'भाकरी मिळते नाहीतर पळवावी लागते' याला इकडचं शेजारचंच उदाहरण. अमेरिकेतल्या मेन राज्यात एक विशीतला तरुण १९८६ मध्ये गाडी रस्त्याकडेला सोडून रानात गेला तो थेट २०१३ मध्ये सापडला. पोलिसांपासून पळत नव्हता, युद्ध नव्हतं, धर्म नव्हता. माणसं नको होती, बस. आणि राहिला कुठे? तळ्याकाठच्या सुट्टीच्या घरांपासून चालत काही मिनिटांवर.

तिथला हिवाळा उणे २५-३० पर्यंत जातो. त्या थंडीत याने २७ वर्षं शेकोटी पेटवली नाही, धूर दिसेल म्हणून. झोपेत गोठू नये म्हणून थंडीच्या रात्री दोन-तीन वाजता उठायचा आणि आपल्या मुक्कामाभोवती येरझारा घालायचा. हिवाळ्याआधी गोड खाऊन अंगावर चरबी चढवायचा. बर्फ पडला की तो वितळेपर्यंत बाहेर पडायचं नाही, कारण पाऊल उमटतं.

हे सगळं चाललं ते चोरीवर. हजाराच्या आसपास घरफोड्या. काहींनी कीव येऊन दाराला खाऊची पिशवी टांगली, हवं ते लिहून ठेव म्हणून कागद-पेन ठेवलं. याने हात लावला नाही, सापळा असेल म्हणून. कुणी प्रेमाने दिलेलं चालत नाही आणि चोरलेलं चालतं, हे मला अजून झेपलेलं नाही.

---

टाचणटिपण

घेतलं की नातं लागतं ना. तेच तर त्याला नको होतं.

---

तृप्ती_ऑस्लो

एक शंका. सगळी उदाहरणं एकट्यादुकट्याची किंवा एका कुटुंबाची झाली. मोठा जमाव रानात लपू शकतो का?

---

रेवती_जो

लपू शकतो. आजच्या बेलारूसमधलं नालिबोकीचं जंगल. जर्मनांनी ज्यूंची कत्तल चालवली तेव्हा तुव्हिया, असाएल, झूस आणि अरोन या बेल्स्की भावांनी तिथं तळ केला. बाकीचे गनिमी गट फक्त बंदूक चालवू शकणारे तरुण घ्यायचे. तुव्हियाने येईल त्या ज्यूला घेतलं. म्हाताऱ्या बायका, लेकुरवाळ्या, आजारी, सगळे. अर्धे अधिक जमिनीत खणलेल्या, वरून फांद्या-मातीने झाकलेल्या खोल्या. त्यात चांभार, शिंपी, सुतार, बंदुका दुरुस्त करणारे, बेकरी, चामडं कमावायची जागा, मुलांची शाळा. रानात गाव वसवलेलं. १९४३ च्या उन्हाळ्यात जर्मनांनी जंगल घेरलं तेव्हा हा सगळा लवाजमा दलदलीतून कमरेइतक्या चिखलातून एका उंचवट्यावर गेला. लहान मुलं रडू न देता. १९४४ मध्ये १२०० हून अधिक माणसं जिवंत बाहेर आली.

---

खुळा_मुसाफिर

आणि ही १२०० माणसं खात काय होती? आसपासच्या गावांतून बंदूक दाखवून धान्य आणि गुरं आणायचे ना? ओनोदाने गाय मारली की दरोडेखोर, आणि इथं गाव वसवलं? रेवतीताई, आता तुमच्या फूटपट्टीचं काय?

---

रेवती_जो

प्रश्न बरोबर आहे आणि मी तो टाळणार नाही. आणत होते. ज्या शेतकऱ्याकडून आणलं तोही गरीबच होता, वर जर्मनही त्याच्याकडून वसूल करायचे. त्याच्या बाजूने तीही गोष्ट कडूच आहे, आणि ती सांगितली गेली पाहिजे.

पण फरक आहे. नालिबोकीतून बाहेर पाऊल टाकलं तर मरण नक्की होतं. ओनोदाला बाहेर बोलवायला त्याचा सख्खा भाऊ लाउडस्पीकर घेऊन आला होता. तो आवाज त्याने ऐकला, आणि तो भावाचा नसून नकलाकाराचा आहे असं ठरवून पुन्हा रानात वळला. लुबांगचा शेतकरी त्यानंतरही अनेक वर्षं रात्री गोठ्याला कडी घालत होता.

---

टारझनची_मावशी

पॉपकॉर्न संपले. खुळा, तुझी पाळी.